पोलीन ज्युलियँ : गाणारी नटी

अध्यक्षमहोदय आणि सुजाण श्रोतेहो,

पोलीन ज्युलियँ हे नाव निघाले की फ्रेंच गाण्यांचा बरा परिचय असलेला माणूसही लगेच ‘क्यूबेकच्या स्वातंत्र्याची गायिका’ असे म्हणून मोकळा होतो. हे चूक नाही; क्यूबेक हा कॅनडातला फ्रेंच बोलणारा प्रांत, आणि त्याने स्वतंत्र व्हावे असे म्हणणाऱ्यांत ती होतीच. पण हे लेबल इतके घट्ट चिकटले आहे की त्याखाली एक पक्की रंगभूमीवरची बाई दडपून गेली आहे. ती आधी नटी होती, तिने गाणे नटीच्या हत्यारांनी कमावले आणि म्हणूनच तिचे गाणे टिकले, हे माझे म्हणणे आहे. ते सिद्ध करण्यासाठी मला पन्नास मिनिटे दिली आहेत. मी तिचा उल्लेख एकेरीत करणार आहे. आवडत्या गायिकेच्या बाबतीत आपण सारेच ती सवलत घेतो.

तिचा जन्म 23 मे 1928 चा, सेंट लॉरेन्स नदीकाठच्या त्र्वा-रिव्हिएर या गावातला. हे गाव त्या काळी कागदाच्या गिरण्यांसाठी प्रसिद्ध होते. ज्या क्यूबेकमध्ये ती वाढली तिथे शाळा, रुग्णालये आणि लोकांची सदसद्विवेकबुद्धी या तिन्हींवर कॅथलिक चर्चचा ताबा होता, तर कारखाने, बँका आणि चांगल्या नोकऱ्या इंग्रजी बोलणाऱ्यांच्या हातात होत्या. अशा ठिकाणी नाटकात जायचे ठरवणाऱ्या मुलीला घरातून काय ऐकावे लागले असेल, हे या सभागृहात वेगळे सांगायला नको. तरीही ती नाटकात शिरली, आणि 1951 मध्ये आपल्या नट पतीसह अभिनय शिकायला पॅरिसला गेली. पुढची काही वर्षे तिथेच गेली.

तिथल्या नाट्यशिक्षणाइतकेच महत्त्वाचे शिक्षण तिला सेन नदीच्या डाव्या काठावरच्या तळघरवजा कॅबरेंमध्ये मिळाले. कॅबरे म्हटल्यावर आपल्यातल्या काहींच्या डोळ्यांपुढे हिंदी चित्रपटातले पिसांचे टोप आले असतील. ते कृपया उतरवून ठेवावेत. हे कॅबरे म्हणजे पन्नास-साठ माणसांची कोंदट खोली, हातभर उंचीचा मंच, एक पियानो आणि पहिल्या ओळीतल्या श्रोत्याच्या गुडघ्यांपासून दोन पावलांवर उभी असलेली गायिका. अशा जागी मोठ्या आवाजाचा उपयोग शून्य, कारण तिथे शब्द, विराम आणि चेहरा यांवरच गाणे उभे राहते. बोरिस व्हियाँ, लेओ फेरे हे फ्रेंच गीतकार आणि विशेषतः जर्मन नाटककार ब्रेश्त व त्याचा संगीतकार वाइल यांची गाणी तिने या शाळेत आत्मसात केली. पुढे क्यूबेकमधल्या माँट्रियलला परतल्यावर 1961 मध्ये तिथल्या तेआत्र द्यु नुव्हो माँद या नाट्यसंस्थेने ब्रेश्तचे ‘थ्री पेनी ऑपेरा’ फ्रेंचमध्ये रंगवले, त्यात तीही होती आणि मोनिक लेराकही.

लेराकचे नाव आलेच आहे तर सांगतो, की क्यूबेकने त्या पिढीत गाणाऱ्या नट्यांची एक जोडीच दिली. दोघी एकाच वर्षी जन्मलेल्या, दोघी रंगभूमीवरच्या. पोलंडमधल्या सोपोतच्या गीत महोत्सवात 1964 साली पोलीनने क्यूबेकचा गीतकार जील विन्यो याच्या गाण्यावर दुसरे पारितोषिक मिळवले आणि पुढच्याच वर्षी लेराकने विन्योच्याच दुसऱ्या गाण्यावर पहिले पटकावले. कोण थोर यावर माँट्रियलमध्ये वाद झाले असतील तर मला नवल वाटणार नाही. आपल्याकडे असे वाद तीन-तीन पिढ्या पुरवून खाल्ले जातात.

आता मला एक जुनी तक्रार मांडायची आहे. अध्यक्षांनी घड्याळाकडे पाहू नये, ती विषयाला धरूनच आहे. दर वर्षी 20 मार्चला जगभर फ्रेंच भाषकांचा दिवस साजरा होतो आणि आपल्या शहरांतही फ्रेंच शिकणारी मुले त्या दिवशी गाणी म्हणतात. काही वर्षांपूर्वी अशाच एका कार्यक्रमासाठी, संस्थेचे नाव सांगत नाही, मी पोलीनचे एक गाणे सुचवले. गाणे उत्तम आहे, असे मला सांगण्यात आले. पण उच्चार क्यूबेकचे आहेत, त्याने विद्यार्थ्यांचे कान बिघडतील, तेव्हा त्याऐवजी पॅरिसचे काहीतरी घ्यावे. ज्या मुलांना मावशीची वऱ्हाडी आणि काकांची मालवणी दोन्ही सहज समजते, त्यांचे कान एका गाण्याने बिघडणार होते!

वाईट याचे वाटले की तो दिवस ज्या घटनेच्या स्मरणार्थ पाळतात, तिच्याशीच या बाईचा संबंध आहे. फ्रेंच भाषक देशांच्या सहकार्य संस्थेची स्थापना 20 मार्च 1970 रोजी नायजरची राजधानी नियामे येथे झाली. त्याच्या आधीच्या वर्षी, फेब्रुवारी 1969 मध्ये, तिथेच पूर्वतयारीची परिषद भरली होती आणि त्या निमित्ताने पोलीनही नियामेत होती. कॅनडाच्या संघराज्य सरकारतर्फे मंत्री जेरार पेल्तिए भाषणाला उभे राहिले, आणि श्रोत्यांतून पोलीनचा आवाज घुमला : ‘स्वतंत्र क्यूबेक झिंदाबाद!’ घोषणा तिची नव्हती. 24 जुलै 1967 रोजी माँट्रियलच्या नगरभवनाच्या सज्जातून साक्षात फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष द गॉल यांनी ती दिली होती आणि त्यावरून कॅनडाच्या सरकारशी इतके बिनसले की ते दौरा अर्धवट टाकून पॅरिसला परतले. राष्ट्राध्यक्षाने सज्जातून ओरडले की तो इतिहास होतो. गायिकेने सभेत ओरडले की तो आगाऊपणा ठरतो. तसे हे तिच्या स्वभावाला धरूनच होते, कारण 1964 मध्ये कॅनडातल्याच शार्लटटाऊनला राणी एलिझाबेथसमोर गायचे निमंत्रणही तिने नाकारले होते.

या आगाऊपणाची किंमत पुढच्याच वर्षी वसूल झाली. ऑक्टोबर 1970 मध्ये क्यूबेक मुक्ती आघाडी या सशस्त्र संघटनेच्या गटांनी आधी ब्रिटिश व्यापार प्रतिनिधी जेम्स क्रॉस यांचे आणि नंतर प्रांताचे मंत्री पिएर लापोर्त यांचे अपहरण केले. 16 ऑक्टोबरच्या पहाटे कॅनडाचे पंतप्रधान पिएर ट्रुडो यांच्या सरकारने युद्धकाळासाठी केलेला कायदा शांततेच्या काळात लागू केला, आणि वॉरंटशिवाय सुमारे पाचशे माणसे उचलली गेली. दुसऱ्या दिवशी लापोर्त यांचा मृतदेह सापडला. त्या हत्येचे समर्थन कोणीही करू नये. पण अटक झालेल्यांत कवी, पत्रकार, कामगार पुढारी होते आणि बहुतेकांवर पुढे कोणताही आरोप ठेवला गेला नाही. कवी गास्तों मिरों आत गेला. पोलीन आणि तिचा सहचर, कवी-पत्रकार जेराल्द गोदँ, हेही आत गेले आणि आठवडाभराने सुटले. ज्या मंत्रिमंडळाने हा निर्णय घेतला, त्यात नियामेचे पेल्तिए होतेच.

गोदँने याचे उट्टे मतपेटीतून काढले. 15 नोव्हेंबर 1976 च्या निवडणुकीत मर्सिए मतदारसंघात, सहा वर्षांपूर्वी तुरुंगात टाकलेल्या या कवीने प्रांताचे पंतप्रधान रोबेर बुरासा यांनाच पाडले. बुरासांच्याच विनंतीवरून 1970 मध्ये सैन्य आले होते. कवी निवडून येतो आणि पुढे मंत्रीही होतो, हे ऐकून आपल्यातल्या काही कवींचे डोळे लकाकलेले मला इथून दिसत आहेत.

चिठ्ठी मिळाली. दहा मिनिटे उरली आहेत असे तीत लिहिले आहे, आणि मुख्य मुद्दा अजून बाकी आहे. तो आता भराभर मांडतो.

नटीचे गाणे म्हणजे काय, हे बालगंधर्व ऐकलेल्यांना समजावावे लागत नाही. पदातला राग कळतोच, पण त्यासोबत भामिनी किंवा सिंधू समोर उभी राहते. पोलीनचा आवाज गोड नव्हता. तो काहीसा खरखरीत, थरथरता होता, आणि त्यात सूर कोरून काढण्यापेक्षा वाक्य पोचवण्याची घाई होती. 1974 मध्ये तिने गायलेले ‘मॉमी’ ऐका. शब्द जील रिशेचे, चाल मार्क जेलिनाची. भविष्यातले एक क्यूबेकी मूल, ज्याची फ्रेंच गेली आहे, ते आईला इंग्रजीत विचारते की माझे मित्र मला फ्रेंचमध्ये कोणत्या नावाने हाक मारायचे. फ्रेंचसाठी तुरुंगात गेलेली बाई हे जवळजवळ सबंध गाणे इंग्रजीत गाते! ती इथे रडत नाही की घोषणा देत नाही. मूल जसे साधेपणाने विचारते तसेच विचारते, आणि मध्येच जी फ्रेंच नावे येतात ती तिच्या तोंडी परक्या वस्तूंसारखी लागतात. हा निर्णय गायिकेचा नाही, भूमिका समजून घेतलेल्या नटीचा आहे.

दुसरा पुरावा चित्रपटाचा. दिग्दर्शक जील कार्लच्या 1973 च्या ‘ला मोर द्युँ ब्युश्रों’मध्ये, जिथे कारोल लॉर नायिका होती, पोलीनने काम केले तेव्हा ती गायिका म्हणून प्रसिद्धीच्या शिखरावर होती, पण अभिनय सुटला नव्हता. तिसरा पुरावा तिच्या स्वतःच्या लेखणीचा. फ्रांस्वा दोम्पिएरच्या संगीतातले, हळुवारपणाची ओढ सांगणारे तिचे गाणे कोणत्याही झेंड्याशिवाय उभे आहे. क्यूबेकने कॅनडापासून वेगळे व्हावे का यावरचे 1980 चे सार्वमत तिची बाजू हरल्यानंतरही श्रोते तिच्याकडे येत राहिले ते यामुळेच.

शेवटच्या वर्षांत तिला वाचाघाताचा वाढत जाणारा विकार जडला. गोदँ 1994 मध्ये मेंदूच्या गाठीने गेला होता. शब्द हातचे सुटत चालले तेव्हा, 1 ऑक्टोबर 1998 रोजी, तिने स्वतःहून जगाचा निरोप घेतला. यावर भाष्य करण्याचा अधिकार मला नाही.

मला अधिक बोलायचे होते ते ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धातल्या एका प्रयोगाविषयी. फ्रान्सची गीतकार-गायिका आन सिल्व्हेस्त्र आणि पोलीन, दोघी मिथुन राशीच्या. म्हणून प्रयोगाचे नावही त्या राशीवरून ठेवलेले. एका मंचावर दोन प्रौढ बायका, एकीची फ्रेंच फ्रान्सची, दुसरीची क्यूबेकची, बायकांच्या आयुष्याबद्दल गात होत्या. त्यात मैफलीइतकेच नाटकही होते. फ्रान्समधल्या प्रेक्षकांनी तो प्रयोग पाहिला, आणि क्यूबेकी उच्चारांनी त्यांचे कान बिघडल्याची नोंद माझ्या वाचनात नाही. अध्यक्ष उभे राहिले आहेत, तेव्हा थांबतो. प्रश्न चहाच्या वेळी घेईन.