आठवीतच विचारायचा प्रश्न

सन्माननीय अध्यक्ष, शिक्षक मित्रहो आणि पालकहो,

दिव्यांग विद्यार्थ्यांची दहावीनंतरची वाट, असा आजचा विषय पत्रिकेवर छापला आहे आणि त्याविषयी माझे म्हणणे एवढेच आहे की ही वाट निकालानंतर शोधायला निघालेले घर तीन वर्षे उशिरा निघालेले असते.

२०१६चा दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम आपल्यापैकी अनेकांना माझ्याहून चांगला पाठ असेल. लक्षणीय (म्हणजे ४० टक्के किंवा अधिक) दिव्यांगत्व असलेल्या मुलांना ६ ते १८ वर्षांपर्यंत मोफत शिक्षण, उच्च शिक्षणात किमान ५ टक्के आणि सरकारी नोकऱ्यांत किमान ४ टक्के राखीव जागा, हे सारे त्यात आहे. राखीव जागांचे महत्त्व कोल्हापूरकरांना बाहेरच्याने सांगावे, अशी वेळ अजून आलेली नाही. राजर्षी शाहू महाराजांनी १९०२ साली संस्थानच्या नोकऱ्यांत ५० टक्के जागा राखल्या. पण त्याच्या आदल्याच वर्षी या गावात विद्यार्थ्यांच्या राहण्यासाठी पहिले बोर्डिंग सुरू झाले होते आणि पुढे एकामागून एक होत गेली. जागा राखायची आणि तिथवर पोहोचणारे पोरही घडवायचे, अशी ती दुहेरी तजवीज होती. आपण मात्र पहिली अर्धी घेऊन जयंती साजरी करतो.

आता एका मुलाची हकीकत सांगतो. मुलगा कागल तालुक्यातला. त्याला अध्ययन अक्षमता होती. वाचताना अक्षरे उलटसुलट व्हायची आणि शुद्धलेखनाच्या वहीत शाईपेक्षा लाल रेघा अधिक असायच्या. त्याचे मामा फौंड्रीसाठी, म्हणजे धातू ओतण्याच्या कारखान्यासाठी, लाकडी पॅटर्न करत; ज्यावरून ओतायचा साचा घेतात तो नमुना म्हणजे पॅटर्न. सुट्टीत हा तिथे बसायचा आणि ओतलेला धातू थंड होताना किती आकसेल, म्हणून पॅटर्न किती मोठा धरावा लागेल, हे नकाशा पाहून बहुधा अचूक सांगायचा. हे गणित आहे, असे त्याला कोणी सांगितले नाही, कारण शाळेला मामा ठाऊक नव्हते आणि मामांना शाळेचा फॉर्म ठाऊक नव्हता.

राज्य मंडळाच्या सवलतींत अशा मुलांना जादा वेळ आणि लेखनिक मिळतो, त्याचप्रमाणे दहावीच्या गणिताऐवजी सातवीच्या पातळीचे अंकगणित घेण्याची मुभाही मिळते. शाळेने सर्वांसाठी सरसकट हीच मुभा मागितली आणि आईने बोट ठेवलेल्या जागी सही केली. मुलगा चांगल्या गुणांनी पास झाला. शाल, नारळ, गुलाबाचे फूल, फोटो, सारे यथासांग झाले. (शाल त्याच्या वडिलांच्या उपयोगी पडली, जूनमध्ये दुसऱ्या कोणाच्या पडणार?) मग यंत्र अभियांत्रिकीच्या पदविकेचा अर्ज समोर आला. त्याला दहावीचे गणित आणि विज्ञान हवे होते. आयटीआयमध्ये फिटर, टर्नर, मशिनिस्ट, तिन्हींची अट तीच. वेल्डरचा ट्रेड आठवी पासवर मिळतो, तो त्याने घेतला.

यावर हळहळू नका. वेल्डिंग हे हलके काम नव्हे. शिरोलीच्या कारखान्यांत हाताला वळण असलेला वेल्डर शोधून दाखवा, मी त्याला शाल देईन! माझी तक्रार वेगळी आहे. मुलाने ते निवडले नव्हते. इतर दारे त्याच्या नकळत दोन वर्षे आधी बंद झाली होती. सवलतीलाही माझा विरोध नाही, कारण अनेक मुलांची दहावी केवळ तिच्यामुळे पार पडते. ती मागण्यापूर्वी पुढच्या अभ्यासक्रमाची अट वाचावी आणि जादा वेळ व लेखनिक एवढ्यावर मूळ गणित झेपते का हे पाहावे, इतकेच माझे मागणे आहे.

अध्यक्षांनी घड्याळ माझ्याकडे वळवून ठेवले आहे. एवढा इशारा पुरेल असे ज्यांना वाटते, ते मूळचे कोल्हापूरचे नसावेत. तरीही ज्या आराखड्यासाठी आपण मला बोलावले, तो आता भराभर सांगतो.

अमेरिकेच्या कायद्यात विशेष शिक्षण घेणाऱ्या मुलाच्या वैयक्तिक आराखड्यात शाळेनंतरच्या आयुष्याची तयारी उशिरात उशिरा सोळाव्या वर्षी यावी लागते आणि त्या बैठकीला मुलाला बोलावावे लागते. आपल्याकडे पुष्कळ मुले दहावीनंतर शाळा सोडतात, म्हणून आपण आठवी धरावी. त्या बैठकीत पहिला प्रश्न मुलाला विचारावा. तो बोलत नसेल तर खुणांनी, चित्रांनी, पण त्यालाच. दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र आणि वैश्विक ओळखपत्र (यूडीआयडी) नववीतच तपासावे, कारण लहानपणी मिळालेल्या प्रमाणपत्राची मुदत अनेकदा ऐन प्रवेशाच्या वेळी संपलेली आढळते. एसटी आणि केएमटीचा, म्हणजे शहर बसचा, प्रवास आधी कोणाच्या सोबतीने, मग सोबत मागच्या सीटवर ठेवून आणि शेवटी एकट्याने, असा शिकवावा. कॉलेजचा प्रवेश मिळूनही गाडी कशी पकडायची हे माहीत नसल्याने घरी बसलेल्या मुली मी पाहिल्या आहेत. बँकेतले खाते मुलाने स्वतः चालवावे, भले महिन्याला शंभर रुपये काढण्यापुरते का असेना.

राहता राहिले अठरावे वर्ष. त्या दिवशी आईवडिलांचे कायदेशीर पालकत्व संपते, हे बौद्धिक दिव्यांगत्व असलेल्या मुलांच्या घरी बहुधा बँकेच्या खिडकीवर कळते. स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी, बौद्धिक आणि बहुविध दिव्यांगत्व यांच्यासाठी १९९९च्या राष्ट्रीय न्यास कायद्यानुसार जिल्हाधिकाऱ्यांच्या स्थानिक स्तर समितीकडे पालकत्वाचा अर्ज करता येतो. मात्र तो सरसकट करू नये. ज्याला थोड्या मदतीने स्वतःचा निर्णय घेता येतो, त्याच्या वतीने सही करण्याची घाई नको. पालकांनी या अर्जाची माहिती सतराव्या वर्षीच काढून ठेवावी, आणि शिक्षकांनी आठवीच्या बैठकीची तारीख येत्या जूनच्या वेळापत्रकात आजच लिहून घ्यावी.