रेव्हरंड डेव्हिड शेपर्ड : सलामीचा फलंदाज, लिव्हरपूलचे बिशप

ऑगस्ट 1952. लंडनच्या ओव्हल मैदानावर विजय हजारे यांच्या भारतीय संघाविरुद्ध इंग्लंडचे कर्णधार लेन हटन यांच्यासोबत सलामीला आले केंब्रिज विद्यापीठाचे तेवीस वर्षांचे डेव्हिड शेपर्ड. दोघांनी 143 धावांची भागीदारी केली आणि शेपर्ड यांनी 119 धावा काढल्या. कसोटी क्रिकेटमधील त्यांची हीच सर्वोच्च खेळी ठरली. त्यानंतर पावसाने बिघडलेल्या खेळपट्टीवर भारताचे पहिले पाच फलंदाज अवघ्या 6 धावांत माघारी परतले.

केंब्रिजमध्ये असतानाच शेपर्ड यांची ख्रिस्ती श्रद्धा दृढ झाली होती. 1953 साली त्यांच्या नेतृत्वाखाली ससेक्सचा संघ काउंटी चॅम्पियनशिप या इंग्लंडमधील परगण्यांच्या स्पर्धेत दुसरा आला, आणि पुढच्या वर्षी हटन आजारी पडल्यामुळे पाकिस्तानविरुद्धच्या दोन कसोटींत इंग्लंडचे कर्णधारपद त्यांच्याकडे आले. तोवर त्यांचे धर्मशिक्षण सुरू झाले होते. ज्या वयात फलंदाज बहरतो, त्याच वयात त्यांनी क्रिकेटला दुय्यम स्थान दिले आणि 1955 साली धर्मगुरूपदाची दीक्षा घेऊन ते लंडनमधील इस्लिंग्टनच्या सेंट मेरी चर्चमध्ये रुजू झाले. पुढच्याच उन्हाळ्यात, सराव जेमतेम असताना, ओल्ड ट्रॅफर्डवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्यांनी 113 धावा केल्या. दीक्षा घेतलेला धर्मगुरू कसोटी सामना खेळण्याची ती पहिलीच वेळ होती. मात्र इंग्लंडचे फिरकी गोलंदाज जिम लेकर यांनी त्याच सामन्यात 19 बळी घेतल्याने या शतकाची आठवण क्वचितच काढली जाते.

यानंतरची बारा-एक वर्षे ते पूर्व लंडनमध्ये, गोदीलगतच्या कॅनिंग टाउन या कामगार वस्तीत, मेफ्लॉवर फॅमिली सेंटरचे प्रमुख म्हणून राहिले. चर्चपासून दुरावलेल्या कष्टकरी माणसांमध्ये राहून काम करताना, गरिबीकडे पाहण्याची त्यांची दृष्टी तिथेच घडली. मधल्या काळात रजा घेऊन ते 1962-63 च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यावर गेले. तिथे त्यांच्या हातून काही झेल सुटले आणि त्यावरून थट्टाही झाली. पण मेलबर्नला पहिल्या डावात शून्यावर बाद झालेल्या शेपर्ड यांनी दुसऱ्या डावात 113 धावा काढून, विजय हाताशी आणून ठेवल्यावरच, धावबाद होऊन तंबूची वाट धरली.

बावीस कसोटींतील 1172 धावांपेक्षा मला त्यांचा एक नकार मोठा वाटतो. 1960 साली दक्षिण आफ्रिकेचा संघ इंग्लंडमध्ये आला असता, केवळ गोऱ्यांतून निवडलेल्या संघाविरुद्ध आपण खेळणार नाही, असे त्यांनी जाहीर केले. खेळात राजकारण आणू नये, हे त्या काळी ठरलेले उत्तर होते. 1968 साली मूळच्या केपटाउनच्या, पण इंग्लंडकडून खेळणाऱ्या गौरेतर बेसिल डॉलिव्हेरा यांना ओव्हलवर 158 धावा काढूनही दक्षिण आफ्रिका दौऱ्यासाठी आधी वगळण्यात आले, नंतर एक खेळाडू जखमी झाल्यावर घेण्यात आले, आणि तेव्हा प्रिटोरियाच्या सरकारने हा संघ नाकारल्याने दौराच रद्द झाला. त्या डिसेंबरमध्ये लंडनच्या चर्च हाउसमध्ये, इंग्लंडचा दौऱ्यावरचा संघ निवडणाऱ्या एमसीसी (मेरिलबोन क्रिकेट क्लब) या क्लबची विशेष सभा भरली. तिथे शेपर्ड यांनी क्लबच्या कारभारावर टीका करणारा ठराव मांडला आणि पुढे इंग्लंडचे कर्णधार झालेले तरुण माइक ब्रियर्ली यांनी त्याला अनुमोदन दिले. ज्या क्लबने मानसन्मान दिला, ज्यात जुने सोबती बसलेले होते, त्याच क्लबला त्यांनी जाब विचारला. ठराव बहुमताने फेटाळला गेला. तरीही शेपर्ड मागे हटले नाहीत, आणि 1970 चा दक्षिण आफ्रिकेचा इंग्लंड दौरा अखेर रद्द करावा लागला.

1969 साली ते लंडनमधील वुलिचचे आणि 1975 साली लिव्हरपूलचे बिशप झाले. प्रोटेस्टंट आणि कॅथलिक यांच्यातील जुन्या वैराने दुभंगलेल्या या शहरात अँग्लिकन (म्हणजे शेपर्ड यांच्या इंग्लंडच्या चर्चचे) आणि कॅथलिक अशी दोन कॅथेड्रल होप स्ट्रीट या एकाच रस्त्याच्या दोन टोकांना उभी आहेत. शेपर्ड आणि कॅथलिक आर्चबिशप डेरेक वरलॉक यांनी सार्वजनिक जीवनात शक्य तितके सोबत वावरायचे ठरवले. गोदीचा व्यवसाय ढासळून बेकारी वाढत असताना, 1981 च्या, शहराच्या टॉक्स्टेथ भागातील दंगलीत आणि 1989 साली हिल्सबरो फुटबॉल मैदानावरील चेंगराचेंगरीत लिव्हरपूलचे अनेक चाहते दगावल्यानंतर शोकाकुल कुटुंबांना धीर देताना ही जोडी शहराला कायम एकत्र दिसली.

1997 साली निवृत्त झाल्यावर ते हाउस ऑफ लॉर्ड्स या ब्रिटिश संसदेच्या वरिष्ठ सभागृहाचे सदस्य झाले आणि ससेक्स क्लबचे अध्यक्षपदही त्यांनी भूषवले. त्यांच्या संघाच्या हातून 1953 मध्ये निसटलेले काउंटी विजेतेपद ससेक्सने 2003 साली इतिहासात प्रथमच पटकावले, तेव्हा ते 74 वर्षांचे होते. 5 मार्च 2005 रोजी त्यांचे निधन झाले.