वेगांची वाटणी : मॅक्सवेलच्या कागदापासून रुबिडियमच्या ढगापर्यंत

(पडद्यावर : बंद खोली, खिडकीतून आलेली उन्हाची तिरीप, तिच्यात तरंगणारे तंबाखूच्या धुराचे पट्टे.)

हा धूर बघा. ओढणारा केव्हाच उठून गेलाय, पण धुराचे पट्टे अजून जागच्या जागी आहेत. 1858 साली बाइस बॅलट नावाच्या डच हवामानशास्त्रज्ञाने याच धुराकडे बोट दाखवून एक अडचणीचा प्रश्न विचारला. झुरिकमध्ये शिकवणारा जर्मन भौतिकशास्त्रज्ञ रुडॉल्फ क्लॉसिउस तेव्हा सांगत होता की वायू म्हणजे सुसाट धावणारे रेणू, सेकंदाला काही शे मीटर वेगाने. बाइस बॅलटचं म्हणणं सरळ होतं : असं असेल तर हा धूर क्षणार्धात खोलीभर का होत नाही?

क्लॉसिउसने उत्तर दिलं. रेणू धावतात खरे, पण धावू देतंय कोण? दोन टकरांच्या मध्ये हवेतल्या रेणूला सरासरी जेवढी मोकळी वाट मिळते, ती मिलिमीटरच्या दहा हजाराव्या भागाहूनही कमी असते, हे आज आपल्याला ठाऊक आहे. सेकंदाला काही अब्ज टकरा होतात. रेणू निघतो एकीकडे आणि जातो भलतीकडेच.

उत्तर बरोबर होतं. फक्त हिशेबाच्या सोयीसाठी क्लॉसिउसने सगळ्या रेणूंना एकच सरासरी वेग देऊन टाकला होता. आणि इथेच स्कॉटलंडमधल्या ॲबर्डीनच्या एका तरुण प्राध्यापकाला प्रश्न पडला.

(पडद्यावर : ॲबर्डीन, करड्या दगडातली मारिशल कॉलेजची इमारत.)

जेम्स क्लार्क मॅक्सवेल. 1859 साली वय 27. त्याचा मुद्दा असा : समजा सगळे रेणू एकाच वेगाने धावायला लागले. पहिल्या टकरीतच कुणी तिरपा आपटेल, कुणी समोरासमोर, कुणाचा वेग वाढेल, कुणाचा घटेल. समानता टिकणारच नाही. मग टकरा होऊन होऊन शेवटी जी स्थिती येते, तिच्यात किती रेणूंचा वेग किती असतो?

कुठल्या रेणूचा वेग किती, हे मॅक्सवेलने विचारलंच नाही. ते विचारून उपयोगही नव्हता. एक घन सेंटिमीटर हवेत साधारण 25 वर 18 शून्यं इतके रेणू असतात. त्यांचा एकेकाचा माग कुठल्याही संगणकाला आजही काढता येणार नाही. त्याने विचारलं ते फक्त प्रमाण. या प्रमाणाचं जे सूत्र, तेच वितरण फलन.

प्रश्न विचारताना मात्र थोडं जपून. ‘बरोबर 500 मीटर प्रतिसेकंद वेगाचे रेणू किती?’ असं विचारलंत तर गणिताचं उत्तर येतं : शून्य. कारण 500 म्हणजे 500.0000 पुढे अनंत शून्यं, आणि इतकं काटेकोर कुणीच नसतं. ‘500 ते 501 च्या दरम्यान किती?’ असं विचारलं की खरी संख्या हाती येते. गणितज्ञ तर ‘500 पेक्षा कमी किती?’ असं विचारणं पसंत करतात. त्यांचं फलन शून्यापासून चढत चढत एकापर्यंत जातं आणि कधीच खाली उतरत नाही. भौतिकशास्त्रात आपण बहुतेक वेळा त्या चढाचा तीव्रपणा काढतो. माहिती तीच, मांडणी निराळी.

आता मॅक्सवेलची युक्ती. ती मला त्याच्या सगळ्या कामातली सगळ्यात धाडसी वाटते, कारण त्यात टकरींचा हिशेब मुळी नाहीच. त्याने दोन गोष्टी गृहीत धरल्या.

एक : अवकाशात कुठलीच दिशा लाडकी नाही. वर-खाली, डावी-उजवी, पुढे-मागे, सगळं सारखंच.

दोन : रेणू पूर्वेकडे किती वेगाने चाललाय हे कळलं, तरी तो उत्तरेकडे किती वेगाने सरकतोय याबद्दल काहीच कळत नाही.

बस, एवढंच. दुसऱ्या गृहीतकामुळे तिन्ही दिशांच्या संभाव्यतांचा गुणाकार करावा लागतो. पहिल्यामुळे तो गुणाकार फक्त एकूण वेगावर, म्हणजे तीन वर्गांच्या बेरजेवर अवलंबून राहिला पाहिजे. गुणाकार आणि बेरीज यांची अशी सांगड घालणारं फलन एकाच जातीचं असतं, घातांकी. त्यातून प्रत्येक दिशेसाठी घंटेच्या आकाराचा तो प्रसिद्ध वक्र मिळतो.

(पडद्यावर : घंटेच्या आकाराचा वक्र, हळूहळू रेखाटला जाताना.)

हा वक्र तोवर आला होता तो खगोलशास्त्रज्ञांच्या मोजमापातल्या चुकांमधून. पुढे बेल्जियमचा संख्याशास्त्रज्ञ केतले याने तो 5738 स्कॉटिश सैनिकांच्या छातीच्या मापांना लावून दाखवला. सरासरी 40 इंचांच्या आसपास आणि दोन्ही बाजूंना नेमकी तशीच उतरण. इंग्लंडमध्ये जॉन हर्शेलने 1850 साली केतलेच्या कामावर लांबलचक परीक्षण लिहिलं आणि त्यात दोन दिशांमधल्या चुका एकमेकींपासून स्वतंत्र मानून हाच युक्तिवाद केला. मॅक्सवेलची मांडणी त्याच्याशी इतकी जुळते की विज्ञानाच्या इतिहासकारांनी हा धागा पकडला नसता तरच नवल. सैनिकांच्या छातीवरून वायूच्या रेणूंकडे! अशा उड्या समाजशास्त्रातून भौतिकशास्त्रात क्वचितच पडतात. बहुतेक वेळा उलटंच होतं.

दुसरं गृहीतक जरा लटकं आहे, हे मॅक्सवेललाही जाणवत होतं. काही वर्षांनी त्याने तेच सूत्र टकरींच्या हिशेबातून नव्याने काढून दाखवलं.

(पडद्यावर : नवा आलेख. शून्यातून उठणारा, एका बाजूला कललेला उंचवटा आणि उजवीकडे लांब शेपूट.)

दिशा विसरून फक्त वेगाची मात्रा बघितली की वक्र असा दिसतो. घंटा गेली, आकार एकांगी झाला. अगदी सावकाश रेणू फार थोडे, कारण थांबून राहायचं तर तिन्ही दिशांना एकदम थांबावं लागतं. आपल्या हवेतला नायट्रोजन घ्या, तापमान 27 अंश सेल्सियस. सगळ्यात जास्त गर्दी सेकंदाला 422 मीटरच्या आसपास. सरासरी 476. हे दोन आकडे एक नाहीत, याचं कारण उजवीकडची ती शेपटी.

शेपटीत जरा शिरू या. गर्दीच्या वेगाच्या दुप्पट, म्हणजे 844 च्या वर, हजारात साधारण 46 रेणू. तिप्पट वेगाच्या वर, दहा हजारांत चार. पाचपटीच्या वर, शंभर अब्जांत आठ. आणि दहापट, सेकंदाला सव्वाचार किलोमीटर? हिशेबापुरतं पृथ्वीचं सगळं वातावरण 27 अंशांवर आहे असं धरा. त्या सगळ्या वातावरणात मिळून असे नायट्रोजनचे रेणू एका वेळी निघतील काही डझन. संपूर्ण वातावरणात! हा वक्र शून्याला कधीच टेकत नाही, पण खाली येतो तो असा.

म्हणूनच नायट्रोजन पृथ्वी सोडून जात नाही. त्यासाठी सेकंदाला 11 किलोमीटर लागतात. हायड्रोजनची गोष्ट वेगळी. तो हलका, आणि वातावरणाच्या अगदी वरच्या थरात तापमान हजार केल्विनच्या घरात. तिथे हायड्रोजनच्या हजार अणूंपैकी दोन-तीन अणूंकडे निसटण्याएवढा वेग असतो. ते गेले की टकरा होऊन शेपटी पुन्हा भरते, आणि पुढचे दोन-तीन तयार. पृथ्वीचा हायड्रोजन असा गळत राहतो.

ही शेपटी घरातही दिसते. चहा बशीत ओतून फुंकर मारली की निवतो, कारण वाफ होऊन जातात ते सगळ्यात चपळ रेणू. मागे उरलेल्यांची सरासरी खाली येते. हा चहा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

व्हिएन्नाच्या लुडविग बोल्ट्झमनने पुढे विचारलं की वायू या वाटणीकडे जातोच का. 1872 साली त्याने वाटणी काळानुसार कशी बदलते याचं समीकरण मांडलं, आणि 1877 साली खरं उत्तर दिलं : रेणूंच्या जितक्या म्हणून मांडण्या शक्य आहेत, त्यांतल्या बहुसंख्य मांडण्या याच वाटणीच्या असतात. त्याच्या थडग्यावर कोरलेलं सूत्र या मोजणीचंच आहे. ही मोजणी कशी करायची, हा प्रश्न मात्र तेव्हा कुणालाच पडला नाही. तो पुढे ढाक्यात पडणार होता.

(पडद्यावर : फ्रँकफर्ट, 1920. काचेचं निर्वात पात्र, आत तापून लाल झालेली तार.)

साठ वर्षं हे सगळं कागदावरच होतं. रेणूंचा वेग थेट कुणी मोजला नव्हता. 1920 साली फ्रँकफर्टमध्ये ऑटो स्टर्नने प्लॅटिनमच्या तारेवर चांदीचा मुलामा दिला आणि निर्वातात ती तार तापवली. चांदीचे अणू सुटून एका बारीक फटीतून सरळ निघाले आणि समोरच्या पट्टीवर बसले. मग त्याने अख्खं उपकरणच मिनिटाला हजाराहून जास्त फेऱ्यांनी फिरवलं. अणू वाटेत असताना पट्टी थोडी पुढे सरकते, त्यामुळे चांदीचा डागही सरकतो. डाग किती सरकला त्यावरून वेग. उत्तर आलं सेकंदाला सुमारे 600 मीटर.

सिद्धांतातून स्टर्नने काढलेला आकडा मात्र त्याहून लहान होता, 534. चूक कुठे, ते आइनस्टाईनने दाखवलं. फटीतून बाहेर पडणाऱ्या अणूंची वाटणी आतल्यासारखी नसते. जो जोरात धावतो तो फटीपाशी जास्त वेळा पोचतो, म्हणून बाहेरच्या झोतात चपळ अणू जास्त. तेवढी दुरुस्ती केली की मेळ बसतो. पूर्ण वक्राचा आकार तपशिलात पडताळला गेला तो 1955 साली, मिलर आणि कुश यांच्या प्रयोगात. त्यांनी सर्पिल खाचा असलेलं दंडगोल फिरवून पोटॅशियम आणि थॅलियमचे अणू वेगानुसार चाळून काढले. वक्र मॅक्सवेलचाच निघाला.

(पडद्यावर : ढाका विद्यापीठ, फळ्यावर चौकटी आणि ठिपके.)

आता 1924. ढाका विद्यापीठात सत्येंद्रनाथ बोस, वय 30. त्यांच्यापुढे होता प्रकाशाचा प्रश्न. तापलेल्या भट्टीतून येणाऱ्या प्रकाशाची वाटणी जर्मन भौतिकशास्त्रज्ञ मॅक्स प्लांकच्या सूत्राने अचूक सांगता येत होती, पण ते सूत्र काढण्याच्या तोवरच्या सगळ्या रीतींत जुन्या आणि नव्या भौतिकशास्त्राची भेसळ होती. बोस यांनी मोजणीच बदलली.

दोन कण घ्या, आणि दोन जागा. बोल्ट्झमनच्या रीतीने मांडण्या चार : दोन्ही कण डावीकडे, दोन्ही उजवीकडे, पहिला डावीकडे आणि दुसरा उजवीकडे, किंवा त्याच्या उलट. दोन्ही एकत्र असण्याची शक्यता चारात दोन, म्हणजे निम्मी. पण ‘पहिला’ आणि ‘दुसरा’ असं काही नसेलच तर? मग शेवटच्या दोन मांडण्या एकच होतात. एकूण तीन, आणि त्यांपैकी दोनांत कण एकत्र. शक्यता निम्म्यावरून दोन तृतीयांशांवर गेली. कणांमध्ये कसलीही ओढ नाही, बल नाही. निव्वळ मोजणी बदलली आणि ते एकमेकांजवळ येऊ लागले.

बोस यांनी लेख 4 जून 1924 च्या पत्रासोबत आइनस्टाईनकडे पाठवला. आइनस्टाईनने स्वतः जर्मनमध्ये अनुवाद करून तो छापायला दिला, आणि तीच मोजणी अणूंना लावल्यावर त्याला दिसलं की पुरेशा थंडीत अणूंचा मोठा भाग एकाच, सगळ्यात खालच्या स्थितीत जाऊन बसेल.

1926 साली फर्मी आणि डिरॅक यांनी तिसरी मोजणी मांडली. एका जागी एकच कण. आपल्या उदाहरणात मांडणी उरते फक्त एक. इलेक्ट्रॉन या पंथाचे. 31 जुलै 1930 रोजी मुंबईहून बोटीने निघालेले 19 वर्षांचे चंद्रशेखर वाटेत हीच वाटणी श्वेत बटूंच्या, म्हणजे इंधन संपलेल्या ताऱ्यांच्या दाट अवशेषांच्या, पोटात लावून बघत होते. पण तो विषय एका वेगळ्या माहितीपटाचा.

मग आपल्या खोलीतल्या हवेला मॅक्सवेल कसा काय पुरतो? कारण तिथे जागा अफाट आणि रेणू त्यामानाने फारच थोडे. दोघं एकाच जागी येण्याचा प्रसंगच जवळपास येत नाही, त्यामुळे तिन्ही मोजण्यांचं उत्तर एकच निघतं. फरक पाहायचा तर प्रचंड थंडी हवी.

(पडद्यावर : बोल्डर, कोलोरॅडो. प्रयोगशाळेतलं टेबल, आरसे, लेसर, तांब्याच्या तारांची वेटोळी.)

5 जून 1995. एरिक कॉर्नेल आणि कार्ल वीमन यांच्या गटाने रुबिडियमचे अणू आधी लेसरने थंड केले, मग चुंबकीय सापळ्यात अडकवले. पुढचं काम बशीतल्या चहाचं. रेडिओलहरींनी सापळ्यातले सगळ्यात चपळ अणू हाकलायचे, उरलेल्यांना टकरा खाऊन नवी वाटणी करू द्यायची, पुन्हा शेपटी कापायची. तापमान निरपेक्ष शून्याच्या, म्हणजे शक्य तितक्या नीचतम तापमानाच्या, वर 170 अब्जांश केल्विनपर्यंत उतरलं तेव्हा काहीतरी वेगळं घडू लागलं.

सापळा बंद केला. अणू मोकळे झाले आणि आपापल्या वेगाने पसरले. सेकंदाच्या काही शतांशांनंतर लेसरचा झोत टाकून त्यांची सावली टिपली. जो जास्त चपळ तो जास्त लांब, म्हणून ती सावली हाच वेगांच्या वाटणीचा आलेख.

(पडद्यावर : तीन चित्रं शेजारी शेजारी. रुंद टेकाड, टेकाडातून वर आलेलं टोक, मग जवळपास नुसतं टोक.)

पसरट टेकाड म्हणजे अजून थंड न झालेले अणू. मधोमध शून्य वेगापाशी वर आलेलं टोक म्हणजे आइनस्टाईनने सांगितलेली स्थिती. तापमान थोडं उतरलं की टोकातल्या अणूंचं प्रमाण एकदम वाढत होतं. हे दोन पुरावे झाले. तिसरा मला सगळ्यात पटणारा. टेकाड सगळ्या दिशांना सारखं पसरलेलं, वरून पाहिलं तर गोल. मधलं टोक मात्र लांबट. सापळा एका दिशेने जास्त आवळलेला होता, आणि पुंजभौतिकीचा, म्हणजे अणूंच्या पातळीवरच्या भौतिकशास्त्राचा, नियम असा की जिथे कण जास्त कोंडला जातो तिथे त्याच्या वेगाचा फैलाव वाढतो. टोक त्याच दिशेने ताणलेलं निघालं. मॅक्सवेलचं पहिलं गृहीतक, कुठलीच दिशा लाडकी नाही हे, टेकाडाला लागू होतं आणि टोकाला होत नाही. 14 जुलै 1995 ला छापलेल्या निबंधात बोल्डरच्या गटाने दोन्ही आकारांमधला हा फरक पुराव्यादाखल नोंदवला.