मलंकरा : व्याजाच्या पैशापासून दफनभूमीच्या फाटकापर्यंत

२०१९ सालच्या अखेरीस केरळच्या अलप्पुळा जिल्ह्यात नव्वदी ओलांडलेल्या एका आजींचे पार्थिव महिनाभराहून अधिक काळ दफनाविना राहिले. दफनभूमी गावातच होती. शवपेटीपुढे चालणारा धर्मगुरू कोणत्या गटाचा असावा, एवढाच वाद होता. कुटुंब याकोबाईट गटाचे होते, आणि फाटकाचा ताबा न्यायालयाच्या निकालानुसार ऑर्थोडॉक्स गटाकडे गेला होता.

हे दोन्ही गट मलंकरा ख्रिस्तसभेचे आहेत. दोघेही आपली परंपरा संत थॉमसपर्यंत नेतात आणि दोघांच्या उपासनेचा विधीही एकच आहे. तेढ आहे ती अधिकाराची : ऑर्थोडॉक्स गट कोट्टायमच्या कॅथॉलिकोसला (केरळमधील सर्वोच्च धर्माध्यक्षाला) आपला प्रमुख मानतो, तर याकोबाईट गट अंत्युखियाच्या (अँटिओकच्या) पॅट्रिआर्कला, म्हणजे सिरियन परंपरेच्या प्रमुख धर्माध्यक्षाला. या कथेच्या मुळाशी गोवाही आहे. १५९९ मध्ये गोव्याचे आर्चबिशप मिनेझिश यांनी उदयंपेरूर येथे धर्मसभा भरवून या ख्रिस्ती समाजाला रोमच्या शिस्तीत बांधले, १६५३ मध्ये मट्टांचेरी येथे लोकांनी शपथ घेऊन ते जोखड झुगारले, आणि आधार शोधताना त्यांच्यातील एका भागाने अंत्युखियाशी नाते जोडले. हे नाते केवळ श्रद्धेचे की हुकमतीचे, याचा निवाडा पुढे न्यायाधीशांच्या गळ्यात पडला.

त्याची सुरुवात पाहायची तर व्याजाच्या पैशापाशी जावे लागते. १८०८ साली या ख्रिस्तसभेच्या नावाने ३,००० स्टार पॅगोडा (त्या काळची सोन्याची नाणी) ईस्ट इंडिया कंपनीकडे ८ टक्के व्याजाने कायमचे ठेवण्यात आले. मल्याळममध्ये ‘वट्टि’ म्हणजे व्याज आणि ‘पणम’ म्हणजे पैसा. म्हणून हा ‘वट्टिपणम’. १९११ मध्ये पॅट्रिआर्कने मलंकरेच्या मेट्रोपॉलिटनला, म्हणजे इथल्या मुख्य बिशपला, बहिष्कृत केले, तेव्हा व्याज उचलायला दोन दावेदार उभे राहिले. सरकारने शहाणपणा केला आणि रक्कम न्यायालयात भरून दोघांनाही आपसात निकाल लावून घ्यायला सांगितले. खालच्या न्यायालयाने एका बाजूला कौल दिला, उच्च न्यायालयाने तो फिरवला आणि १९२८ मध्ये फेरविचारात पुन्हा उलटवला. बहिष्काराचा धर्मशास्त्रीय अर्थ सांगण्याच्या भरीस न पडता, संबंधित व्यक्तीला आपली बाजू मांडण्याची संधी मिळाली होती का, हे न्यायालयाने तपासले.

आजच्या भारतीय न्यायालयांचा मार्गही साधारण हाच आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ९ सांगते की मालमत्तेचा किंवा पदाचा हक्क वादात असेल, तर तो हक्क पूर्णपणे धार्मिक विधींच्या प्रश्नावर अवलंबून असला तरी दावा दिवाणीच ठरतो. त्यामुळे श्रद्धा बाजूला ठेवून दस्तऐवज पाहिला जातो, आणि इथे तो दस्तऐवज म्हणजे १९३४ साली स्वीकारलेली मलंकरा सभेची घटना, म्हणजे तिचे लेखी संविधान.

१९५८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कॅथॉलिकोसच्या बाजूने निकाल दिला आणि त्याच वर्षी दोन्ही गटांनी समेटही केला. सत्तरच्या दशकात तो विस्कटला. १९९५ च्या निकालाने पॅट्रिआर्कचा अधिकार जवळजवळ लोप पावल्याचे सांगितले, तरी मान पूर्ण नाकारला नाही. माझ्या मते पुढच्या गोंधळाला हीच फट पुरली. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने, निवृत्त न्यायमूर्तींच्या देखरेखीखाली मेट्रोपॉलिटनपदासाठी निवडणूक झाली, पण याकोबाईट गटाने त्याच वर्षी स्वतःची वेगळी घटना केली. अखेर ३ जुलै २०१७ रोजी न्यायालयाने ठरवले की मलंकरेच्या सर्व चर्चांना १९३४ ची घटना बंधनकारक आहे, समांतर कारभार चालणार नाही, आणि ज्याला सभा सोडायची असेल त्याने सोडावी, पण चर्चची मालमत्ता त्याला बरोबर नेता येणार नाही.

कागदावर हे स्वच्छ आहे. अडचण अशी की अनेक गावांत रविवारी बाकांवर बसणारे बहुसंख्य लोक याकोबाईट आहेत, आणि बहुमताने चर्चची मालकी ठरत नाही. सप्टेंबर २०१९ मध्ये पिरवमच्या चर्चमधून आणि ऑगस्ट २०२० मध्ये मुळंतुरुत्तीच्या चर्चमधून पोलिसांनी आंदोलकांना बाहेर काढले. ज्या चर्चमध्ये बाप्तिस्मा आणि लग्न झाले, तिथून खाकी वर्दीने बाहेर नेलेल्या वयस्कर माणसाला मालमत्ताविषयक न्यायशास्त्र कसे समजावणार, याचे उत्तर निकालपत्रात नसते.

दफनाचा प्रश्न शेवटी विधिमंडळाने हाती घेतला. २०२० च्या कायद्याने प्रत्येक कुटुंबाला आपल्या धर्मग्रामाच्या (स्थानिक चर्चच्या) दफनभूमीत दफनाचा हक्क दिला. अंत्यविधीची प्रार्थना कुटुंबाच्या पसंतीच्या धर्मगुरूकडून अन्यत्र करण्याची मुभाही त्यात आहे. चर्चच्या इमारतींचा प्रश्न मात्र सुटला नाही. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहा चर्च ऑर्थोडॉक्स गटाकडे सोपवायला सांगितले. जानेवारी २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने न्यायालयाच्या अवमानाच्या कारवाईतील उच्च न्यायालयाचे आदेश बाजूला ठेवले आणि प्रकरण पुन्हा कोचीच्या उच्च न्यायालयाकडे पाठवले.