तारामती ते आनंदीबाई: दुर्गा खोटे यांची कोल्हापुरातील तालीम

रसिकहो, दुर्गा खोटे यांचे नाव घेतले की समोरून हमखास ‘मुगल-ए-आझम’मधली ‘जोधाबाई’ असे उत्तर येते आणि मग त्यांनी पडद्यावर रंगवलेल्या सोशीक आयांविषयी चार शब्द बोलून आपण मोकळे होतो, ही माझी जुनी तक्रार आहे. दुर्गाबाईंचा खरा कस रंगभूमीवर लागला आणि त्या रंगभूमीची तालीम त्यांना याच कोल्हापुरात, तीही चित्रपटाच्या सेटवर मिळाली, असे माझे म्हणणे आहे. कोल्हापूरकर कशावरही हक्क सांगतात, असे पुण्यात म्हणतात. आपली ‘प्रभात’ फिल्म कंपनी १९३३ साली कोल्हापूर सोडून ज्यांच्या गावी गेली त्यांनीच हे म्हणावे, हे विशेष.

१९०५ साली मुंबईच्या लाड घराण्यात जन्मलेल्या आणि सेंट झेवियर्स महाविद्यालयात शिकलेल्या दुर्गाबाई सासरची आर्थिक घडी विस्कटल्यावर चित्रपटात आल्या. ‘फरेबी जाल’ या पहिल्याच चित्रपटाने त्यांच्या पदरी टीका टाकली. प्रतिष्ठित घरातल्या सुनेने पडद्यावर यावे, हेच मुळात लोकांना रुचले नव्हते. अशा वेळी ‘प्रभात’चे दिग्दर्शक व्ही. शांताराम, म्हणजे आपले शांतारामबापू, यांनी त्यांना इथे कोल्हापुरात ‘अयोध्येचा राजा’मध्ये हरिश्चंद्राची राणी तारामती म्हणून उभे केले.

हा १९३२ सालचा बोलपट होता आणि पार्श्वगायन तेव्हा आलेले नव्हते. नटीने कॅमेऱ्यासमोर स्वतःच्या गळ्याने गायचे, वादकांनी चौकटीबाहेर बसून साथ करायची आणि एखादा शब्द अडखळला किंवा ठेका घसरला, तर साऱ्यांनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायची, अशी ती रीत होती. त्यातच चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत होत असल्याने तारामतीला एकच शोक दोनदा करावा लागे. (आजच्या नटाला एकदा केलेला शोकही डबिंगमध्ये दुरुस्त करून मिळतो.) समोर हरिश्चंद्र कोण, तर ‘मानापमान’ या संगीत नाटकाच्या चाली बांधणारे आपले गोविंदराव टेंबे! व्यावसायिक रंगभूमीचा अनुभव नसलेल्या बाईंना प्रवेश सलग पेलण्याची, आवाज आणि श्वास शेवटपर्यंत पुरवण्याची सवय लागली ती इथे, असे मी मानतो. आणि नाटक नटाकडून याहून वेगळे काय मागते?

संयोजकांची चिठ्ठी आली आहे, म्हणून ज्यासाठी उभा राहिलो ते आता घाईनेच सांगतो. मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर त्यांनी खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’तील आनंदीबाई साकारली आणि ‘मॅक्बेथ’वरून शिरवाडकरांनी लिहिलेल्या ‘राजमुकुट’मध्येही भूमिका केली. सत्तेसाठी नवऱ्याला पुढे रेटणारी आनंदीबाई सोशीक आईच्या साच्यात बसत नाही, हे आपण लक्षात घेत नाही. संगीत नाटक अकादमीने १९५८ साली त्यांना गौरवले ते मराठी रंगभूमीवरील अभिनयासाठी, आणि ‘मुगल-ए-आझम’ पडद्यावर आला त्यानंतर दोन वर्षांनी, १९६० साली. चित्रपटासाठीचा फाळके पुरस्कार तर १९८३ सालचा. आनंदीबाईच्या एकेका प्रवेशाविषयी बोलायचे राहिले. पण पुढचे वक्ते केव्हाचे खोळंबले आहेत.