ओळखीचे अक्षर : जोनाथन डॅन्सी यांच्या ग्रंथांविषयी

आजच्या व्याख्यानासाठी जोनाथन डॅन्सी यांची निवड मी एका कुतूहलापोटी केली. या ब्रिटिश तत्त्वज्ञाने १९८५ मध्ये ‘ॲन इंट्रोडक्शन टू कंटेम्पररी एपिस्टेमॉलॉजी’ हे ज्ञानमीमांसेवरचे, म्हणजे ज्ञान कशाला म्हणावे आणि ते कशाच्या आधारावर उभे राहते या विचारावरचे, पुस्तक लिहिले आणि त्यानंतर ‘मॉरल रीझन्स’ (१९९३) व ‘एथिक्स विदाउट प्रिन्सिपल्स’ (२००४) या ग्रंथांतून ते नीतिशास्त्राकडे वळले. सहसा याकडे विषयांतर म्हणून पाहिले जाते. मला मात्र असे वाटते की विषय बदलला, प्रश्न बदलला नाही. एखादी वस्तुस्थिती कशाच्या बाजूने उभी राहते हे आधीच, एकदाच, कायमचे ठरलेले असते काय, हा तो प्रश्न.

एक शब्द सुरुवातीलाच स्वच्छ करून घेऊ. मराठीत ‘पाणी उकळण्याचे कारण’ आणि ‘क्षमा मागण्याचे कारण’ अशा दोन्ही ठिकाणी आपण ‘कारण’च म्हणतो. डॅन्सी ज्याविषयी बोलतात ते दुसरे, म्हणजे कृतीला किंवा मताला आधार देणारे कारण.

आता असे समजा की एक परीक्षक उत्तरपत्रिका तपासतो आहे. वर नाव नाही, फक्त क्रमांक आहे; पण ‘र’ला दिलेला तिरका फटकारा पाहताच त्याला अक्षर ओळखू येते. ही उत्तरपत्रिका आपल्या भाचीची आहे, असे मानायला अक्षराची ओळख हा चांगला आधार आहे. मात्र भाचीची एक मैत्रीण तिच्या अक्षराची हुबेहूब नक्कल करते आणि तीही याच परीक्षेला बसली आहे, हे त्याला ठाऊक असेल तर तेच साम्य निर्णायक राहत नाही. आणि भाची परीक्षेलाच बसलेली नाही हे कळले, तर तेच साम्य उलट त्या मैत्रिणीकडे बोट दाखवू लागते. डॅन्सींचे स्वतःचे उदाहरण याहून सुटसुटीत आहे : समोरची वस्तू लाल दिसते, म्हणून ती लाल आहे असे आपण मानतो, पण निळ्या वस्तू लाल आणि लाल वस्तू निळ्या दाखवणारे औषध आपण घेतले आहे हे माहीत असेल, तर ‘लाल दिसणे’ हाच ती निळी असल्याचा पुरावा होतो. पुरावा कमकुवत झाला असे नव्हे, त्याची दिशाच फिरली. एखादे कारण कोणत्या बाजूने उभे राहते हे भोवतालच्या इतर गोष्टींवर ठरते, या मताला ते कारणांचा समग्रतावाद म्हणतात.

पुराव्याबाबत हे फारसे कोणी नाकारत नाही. डॅन्सींचे धाडस पुढे आहे : जे मताच्या कारणांना लागू पडते ते कर्तव्याच्या कारणांना का लागू पडू नये? ब्रिटिश तत्त्वज्ञ डब्ल्यू. डी. रॉस यांनी १९३० मध्ये मांडलेल्या सिद्धान्तात वचन दिलेले असणे हे नेहमीच पारड्यात पडते. दुसऱ्या बाजूचे पारडे जड झाले तर ते हरते, पण त्याचे वजन शून्य कधीच होत नाही. डॅन्सींच्या मते ते शून्यही होऊ शकते. बळजबरीने वदवून घेतलेले वचन हे हलके कारण नव्हे, ते कारणच नव्हे. मात्र ‘वचन बळजबरीने घेतलेले नव्हते’ ही गोष्ट वचन पाळण्याचे आणखी एक कारण ठरत नाही. ती वचनाला कारण होऊ देते, एवढेच. कृतीचा आधार होणारी गोष्ट आणि त्या आधाराला आधारपण देणारी गोष्ट यांत त्यांनी केलेला हा भेद मला त्यांच्या साऱ्या लेखनातला सर्वांत टिकाऊ भाग वाटतो. नैतिक निर्णय ठरीव तत्त्वांवर नव्हे तर त्या त्या प्रसंगावर अवलंबून असतो, हा डॅन्सींचा विशिष्टतावाद पटला नाही, तरी हा भेद हाताशी ठेवावा.

आक्षेप अर्थातच आले. नीतिशास्त्राचे तत्त्वज्ञ ब्रॅड हूकर यांनी विचारले की जो माणूस कोणतेही तत्त्व मानत नाही, त्याच्या शब्दावर भरवसा कसा ठेवायचा? या आक्षेपात दिसते तेवढा जोर नाही, कारण वजने तोलणारा रॉसचा अनुयायीही प्रसंगी वचन मोडणारच. याहून मला अडचणीचा वाटतो तो शिकण्याचा प्रश्न. कोणत्याच गोष्टीची दिशा आधी ठरलेली नसेल, तर कालच्या प्रसंगातून आज काय हाती लागते? डॅन्सींचे उत्तर साधारणपणे असे की शब्दाचा अर्थ जाणणे म्हणजे तो निरनिराळ्या वाक्यांत काय काय करू शकतो हे जाणणे, आणि नैतिक जाणकारीही तशीच असते. उत्तर मार्मिक आहे, पण मला ते निम्मेच पटते. शब्दाच्या वापरात चूक झाली तर दुरुस्त करणारा भाषकसमाज भोवती असतो, नैतिक चुकीत कित्येकदा तो समाजच सामील असतो. हेही सांगायला हवे की कधीच न बदलणारी काही कारणे असू शकतात, हे डॅन्सी नाकारत नाहीत. त्यांचा नकार आहे तो ‘जे कधी बदलू शकते ते कारणच नव्हे’ या गृहीताला.

‘प्रॅक्टिकल शेप’ (२०१८) या ग्रंथात दोन्ही धागे उघडपणे एकत्र येतात. विचाराचा शेवट केवळ मतात होतो असे नाही, ॲरिस्टॉटलप्रमाणे तो कृतीतही होऊ शकतो, असे डॅन्सी तिथे मांडतात. आपल्या परीक्षकाकडेच पाहा. अक्षर ओळखीचे आहे, म्हणून ही उत्तरपत्रिका भाचीची, असे तो मानतो. आणि अक्षर ओळखीचे आहे, म्हणूनच लाल पेन खाली ठेवून ती दुसऱ्याने तपासावी अशी विनंती करतो. तेच अक्षर मदत मागणाऱ्या निनावी चिठ्ठीवर दिसले असते, तर त्याच ओळखीने त्याला मागे सरकवले नसते, तो उठून तिच्या घरी गेला असता.