जगतापांचं बक्षीस आणि कॅन्ससचे प्राध्यापक

नमस्कार मंडळी. पत्रिकेत विषय छापलाय 'जेम्स गन : विज्ञानकथेचे समीक्षक'. तरीही शनिवारी संध्याकाळी राम मारुती रोडवरची खरेदी सोडून इतके ठाणेकर इथे आलेत. विज्ञानकथा म्हणतात ती हीच.

गन या अमेरिकन प्राध्यापकांकडे येतोच. त्याआधी तुम्हाला पाठ असलेला एक किस्सा. १९७४ साल. अहमदाबादेत परिसंवाद चाललाय, वक्ता रटाळ आहे, आणि श्रोत्यांत बसलेले जयंत नारळीकर वेळ जावा म्हणून कागदावर गोष्ट लिहायला घेतात. (तुमच्यापैकी कुणी आत्ता कागद काढला तर माझी हरकत नाही.) मराठी विज्ञान परिषदेची कथास्पर्धा असते. नाव बघून परीक्षक भारावतील, म्हणून ते आद्याक्षरं उलटी फिरवून 'नारायण विनायक जगताप' होतात. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंच्या हातून उतरवली जाते. आणि जगतापांना पहिलं बक्षीस मिळतं!

किस्सा माहीत होता त्यांनी हात वर करा. बघा, जवळजवळ सगळं सभागृह. आता बक्षीस मिळालेल्या त्या 'कृष्णविवर' कथेत काय घडतं ते सांगू शकणाऱ्यांनीच हात वर ठेवा. मागच्या रांगेतल्या त्या काकू. एकट्याच. काकू, इथे उभं राहायला तुम्हीच हव्या होतात.

माझं दुखणं हेच आहे. दुर्गाबाई भागवतांनी १९७५च्या कऱ्हाड संमेलनात अध्यक्षपदावरून या कथांची दखल घेतली. आपण टाळ्या वाजवल्या आणि घरी गेलो. २०२५च्या मे महिन्यात नारळीकर गेले, तेव्हा मी जो लेख उघडला त्यात जगताप होतेच. पण कथेतलं विज्ञान कथेला कुठे पेलतं, आणि कुठे कथा थांबवून मास्तर फळ्याकडे वळतात, यावर दोन परिच्छेद शोधताना माझी दमछाक झाली.

आता थोडं घरचं गाऱ्हाणं. एका वाचनालयात (नाव घेत नाही, कार्यवाह ओळखीचे आहेत, बहुधा इथेच बसलेत) सत्तर-ऐंशीच्या दशकांतले दिवाळी अंक होते, बांधणी केलेले. मराठी विज्ञानकथा मासिकांनी आणि दिवाळी अंकांनी जगवली. फोंडके, घाटे, जावडेकर, लोंढे या विज्ञानकथाकारांच्या ज्या कथा संग्रहांत आल्या त्या वाचल्या, बाकीच्यांचा पत्ता लागणं मुश्कील. एके दिवशी गेलो तर कपाटात स्पर्धा परीक्षांची गाइडं. "अंक कुठे गेले?" "जागा लागत होती हो सर. शिवाय वाळवी." मी रद्दीवाल्याचा पत्ता घेतला आणि तडक तिथे गेलो. काट्याशेजारी एक गठ्ठा उरला होता. मुखपृष्ठ गेलेलं, अनुक्रमणिका गेलेली, केशतेलाची जाहिरात मात्र शाबूत. म्हणाला, "काका, निवडून मिळणार नाही, किलोने घ्या." घेतले. घरी सौ. म्हणाली, "आपली रद्दी काढता काढता माझी कंबर मोडली, आणि तुम्ही दुसऱ्यांची विकत आणता?"

समीक्षा वगैरे पुढची गोष्ट. कुठली कथा कुठल्या अंकात, कुठल्या साली आली, ही यादी तरी आधी कुणी करायची?

चिठ्ठी आली. 'सात मिनिटं.' गन बिचारे ९७ वर्षं जगले, त्यांच्या वाट्याला सात मिनिटं.

तर, पळत पळत. जन्म १९२३, कॅन्सस सिटी. स्वतः कथाकार. एम.ए.चा प्रबंध विज्ञानकथेवर, आणि त्यातला काही भाग छापला कुणी, तर विज्ञानकथांच्याच एका स्वस्त मासिकाने! पुढे कॅन्सस विद्यापीठात हा विषय शिकवला, १९८२ मध्ये अभ्यासकेंद्र काढलं, विज्ञानकथाकार आयझॅक आसिमॉव्हवरच्या ग्रंथाला १९८३चा ह्यूगो, म्हणजे विज्ञानकथेतला मानाचा पुरस्कार मिळाला. पण खरं काम 'द रोड टू सायन्स फिक्शन' हा कथांचा संग्रह. सहा खंड, सुरुवात थेट गिल्गमेश या प्राचीन महाकाव्यापासून, आणि कथेआधी तिची परंपरा सांगणारं टिपण. १९९८च्या सहाव्या खंडात जगभरच्या कथा आहेत. त्यात आपले लक्ष्मण लोंढे आहेत, 'दुसरा आइन्स्टाइन' घेऊन.

आपल्याकडे आक्षेप ठरलेला : पात्रं पुठ्ठ्याची. गन म्हणत, वाचायची रीत बदला. टॉम गॉडविनची १९५४ची 'द कोल्ड इक्वेशन्स' ते कसोटी म्हणून पुढे ठेवत. औषध घेऊन निघालेल्या यानात इंधन मोजून भरलेलं, आणि भावाला भेटायला निघालेली एक मुलगी आत लपलेली. तिच्या वजनासकट यान पोचणार नाही आणि औषधावाचून पलीकडची माणसं मरतील. तिला बाहेर जावंच लागतं. तिच्या मनाचे पापुद्रे सोलत बसलात तर कथा हातची गेली. विश्वाला तिच्या वयाशी देणंघेणं नाही, एवढ्यावर ती उभी आहे. मला हे निम्मंच पटतं. इंधन मोजून भरा, हे काही विश्वाने सांगितलं नव्हतं, कुठल्या तरी कचेरीने ठरवलं होतं. पण भांडायला गन यांनी मुद्दा तरी दिला.

विज्ञानकथा म्हणजे बदलाचं साहित्य, असं ते मानत. मग ठाण्याच्या समीक्षकाने विचारावं : १९६२ मध्ये एमआयडीसी सुरू झाली ती इथे, वागळे इस्टेटीत. भोंग्यावर घड्याळ लावणारी माणसं आणि कारखान्यांच्या जागी उभे राहिलेले आयटी पार्क, दोन्ही एकाच पिढीने पाहिले. आपल्या विज्ञानकथेत परग्रहावरचे पाहुणे किती वेळा उतरले, आणि वागळे इस्टेट कितीदा आली?

दुसरी चिठ्ठी. प्रश्नोत्तरं रद्द. ज्यांच्या घरी १९९०च्या आधीचे दिवाळी अंक असतील त्यांनी जाताना नाव आणि सालं तेवढी सांगा. अंक आणू नका, मला घरात घेणार नाहीत.